पावकिलो खिम्याचे शेंगोळे : एका कढईत सगळ्या घराचं जेवण

मोठ्याचं मटण शिजलं की तुकडे कोणाच्या ताटात जातात, ते एकदा आठवून बघा. आधी कामावरून आलेल्या माणसाला, मग पोरांना, मग पाहुणा असेल तर त्याला. घरची बाई शेवटी बसते आणि तिच्या ताटात रस्सा आणि भाकरी येते, फार तर एखादं हाडूक. कोणी मुद्दाम करत नाही, वाढता वाढताच तसं होतं. मटणाचं खरं बळ मात्र तुकड्यात असतं, रश्श्यात नाही.

या वेळी आरोग्याच्या पानावर शेंगोळे घेतलेत ते यासाठीच. साधे नाहीत, खिमा घातलेले. खिमा कढईत सगळीकडे सारखा पसरतो. पळी कुठूनही भरली तरी मटण वाटीत येतं, आणि शेवटी बसणारीच्या वाटीतही येतं. शिवाय पावकिलोत पाच माणसांचं भागतं, भांडं एकच लागतं, आणि रोज नळाला पाणी न येणाऱ्या वस्तीत घासायला एकच कढई उरणं ही काही लहान गोष्ट नाही.

राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत, म्हणजे २०१९ ते २०२१ या काळात, महाराष्ट्रात १५ ते ४९ वयाच्या ५४.२ टक्के बायकांच्या अंगात रक्त कमी आढळलं. सहा महिने ते पाच वर्षांच्या लेकरांत हे प्रमाण ६८.९ टक्के होतं. म्हणजे दोघींमागे एक बाई आणि तिघांमागे दोन लेकरं. जिना चढताना धाप लागते, डोळ्यांपुढे अंधारी येते, दिवसभर अंग मोडून येतं, आणि आपण म्हणतो, कामाचा शीण आहे. स्टील कारखान्यात पाळी करणारा माणूस असो, कापूस वेचून आलेली बाई असो की मोसंबीच्या बागेत दिवसभर वाकलेली, शीण सगळ्यांनाच असतो. पण रात्रभर झोपूनही जो जात नाही, तो शीण तपासून घ्यावा. प्राथमिक आरोग्य केंद्रात हिमोग्लोबिन फुकट बघतात. गरोदर नसलेल्या बाईचं १२ च्या खाली आणि गरोदर बाईचं ११ च्या खाली असेल, तर रक्त कमी आहे असं धरतात.

बाईला दिवसाला २९ मिलिग्रॅम लोह लागतं आणि पुरुषाला १९, असं भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेने २०२० साली ठरवलं. पाळीत रक्त जातं म्हणून बाईला जास्त लागतं. म्हणजे जिला जास्त हवं तिलाच आपल्याकडे कमी मिळतं. लोह पालेभाजीत आहे, बाजरीत आहे, डाळीतही आहे, पण त्यातलं थोडंच अंगी लागतं. मटणातलं लोह वेगळ्या जातीचं असतं. ते लवकर शोषलं जातं, आणि त्याच जेवणातल्या भाजी-भाकरीतलं लोहही सोबत ओढून आणतं. लिंबू पिळलं तर आणखी फायदा. जेवणावर लगेच चहा घेतला की उलटं होतं, चहा लोह अडवतो. जेवल्यावर तासभर तरी चहा थांबवा. हे आपल्या घरात सगळ्यात अवघड आहे, मला माहीत आहे.

आता मोठ्याच्या मटणाविषयी. महाराष्ट्रात गाईच्या कत्तलीला १९७६ च्या कायद्यापासून बंदी होती. मार्च २०१५ पासून बैल आणि वळूही त्यात आले. म्हशीला ही बंदी नाही, मात्र जनावर कापण्याआधी तपासून दाखला घ्यावा लागतो. म्हणून आज दुकानात जे मोठ्याचं मिळतं ते म्हशीचं असतं. परवाना असलेल्या दुकानातूनच घ्या आणि मिळत असेल तर पावती मागा. वाटेत कोणी पिशवी उघडून बघायला लागलं तर पावती कामाला येते. भावाचं सांगायचं तर बकऱ्याच्या मटणाच्या निम्म्याहूनही कमी पैशात हे मिळतं, आणि बळाला तितकंच. शंभर ग्रॅम कच्च्या मटणात वीस ग्रॅमच्या आसपास प्रथिनं असतात, आणि चरबी काढून टाकली तर म्हशीचं मटण हलकंच असतं.

आपल्यातली काही घरं हे खात नाहीत. कोणी पंचशीलाचा अर्थ तसा लावतात, कोणी शेजाऱ्यांच्या नजरेला भिऊन सोडलं, कोणाला आवडतच नाही. ज्याचं त्याने ठरवावं. फक्त एक घोटाळा टाळावा. १९२७ साली महाडला बाबासाहेबांनी मेलेल्या जनावराचं मांस सोडा असं सांगितलं. ते मढं ओढण्याची सक्ती आणि त्यावर जगण्याची लाचारी यांच्याविरुद्धचं सांगणं होतं, आणि ते आपल्या आजी-आजोबांनी पाळलं. दुकानातून पैसे देऊन तपासलेल्या जनावराचं ताजं मटण आणणं ही वेगळी गोष्ट. मराठवाड्यातल्या आपल्या आणि मातंग समाजाच्या घरांत काय शिजत होतं, चान्या कशा वाळवत, रक्ती कशी करत, हे शाहू पाटोळे यांनी ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ या पुस्तकात २०१५ साली लिहून ठेवलं आहे. त्या जेवणाची लाज वाटून घेण्याचं कारण नाही. पण जुनं सगळंच जपायचं असंही नाही. घरी वाळवलेल्या मटणावर माशी बसते, त्यापेक्षा ताजा खिमा बरा.

आणि मुलांच्या दहा रुपयांच्या नूडल्सच्या पाकिटाचं काय? शाळेतून आलं की पोरं तेच मागतात. पाकिटात मुख्यत्वे मैदा, तेल आणि मीठ. जागतिक आरोग्य संघटना म्हणते की मोठ्या माणसाने दिवसाला पाच ग्रॅम, म्हणजे चहाचा एक चमचा, याहून जास्त मीठ खाऊ नये, आणि लेकरांना तर त्याहून कमी. पाकिटातल्या मसाल्याच्या पुडीत त्यातला मोठा वाटा एकाच बैठकीत संपतो. त्यात प्रथिनं थोडी आणि लोह नावाला. पण पोरांना लांब-लांब, रश्श्यात भिजलेलं, तिखट आवडतं यात त्यांची चूक नाही. तसंच आपल्याकडे शेंगोळे आहेतच की! आपल्या ज्वारीचे नूडल्स म्हणा.

पाच माणसांसाठी पावकिलो खिमा आणा. दुकानदाराने आधीच दळून ठेवलेला घेऊ नका. चांगला लाल तुकडा बघून, वरची चरबी काढायला लावून, समोर खिमा करून घ्या. दळलेलं मटण लवकर खराब होतं. जालन्याच्या उन्हाळ्यात ते दोन तासही बाहेर राहायला नको. घरी फ्रीज नसेल तर संध्याकाळी आणून संध्याकाळीच शिजवा.

पीठ आधी मळून ठेवा. दोन वाट्या ज्वारीचं पीठ, अर्धी वाटी बेसन, अर्धी वाटी गव्हाचं पीठ. हुलग्याचं पीठ असेल तर ज्वारीतली अर्धी वाटी कमी करून ते घाला, चव येते. त्यात ठेचलेला लसूण-जिरं, चिमूटभर ओवा, हळद, थोडं तिखट आणि अर्धा चमचा मीठ. घट्ट मळा, सैल झालं तर शेंगोळे रश्श्यात विरघळतात. हाताला तेलाचं बोट लावून पोळपाटावर करंगळीहून बारीक वळी करा, बोटभर लांब तोडा आणि टोकं जोडा. हे काम पोरांना द्या. वाकडे झाले तरी पोटात सारखेच जातात.

कढई बिडाची किंवा लोखंडी असेल तर तीच काढा, टोमॅटो-लिंबाच्या आंबटपणाने तिच्यातलं थोडं लोह जेवणात उतरतं. दोन मोठे चमचे तेल, मोठा कांदा बारीक चिरून लाल होईपर्यंत. मग आलं-लसूण, एक टोमॅटो. खिमा घाला आणि मोठ्या आचेवर परता. आधी त्याला पाणी सुटतं, ते आटून खिमा मोकळा झाला आणि त्याचा लालपणा पूर्ण गेला की हळद, तिखट आणि दोन चमचे येसर घाला. येसर नसेल तर काळा मसाला आणि एक चमचा भाजलेलं बेसन. आता पाच ग्लास पाणी आणि चमचाभर मीठ घालून झाकण ठेवा, पंधरा मिनिटं उकळू द्या. म्हशीचा खिमा बकऱ्याच्या खिम्याहून थोडा चिवट असतो, ही पंधरा मिनिटं वाचवू नका.

पाणी खळखळत असतानाच शेंगोळे सोडा, थोडे थोडे करून. सोडल्या सोडल्या पळी घालू नका, मोडतात. दोन-तीन मिनिटांनी हलक्या हाताने हलवा. शेवग्याचा पाला मिळत असेल तर मूठभर आता घाला. झाकण अर्धं ठेवून मध्यम आचेवर पंधरा मिनिटं. एक शेंगोळा तोडून बघा, आत पांढरं पीठ दिसलं तर अजून पाच मिनिटं. रस्सा जाड वाटला तर गरम पाणीच घाला, गार नाही. उतरवल्यावर कोथिंबीर, आणि प्रत्येकाच्या वाटीत लिंबू पिळा. भाकरी नसली तरी चालतं. अंदाजाने माणशी सतरा-अठरा ग्रॅम प्रथिनं पडतात.

शेंगोळे वळायला वेळच नाही अशा दिवशी उन्हाळ्यात केलेल्या जाड शेवया मोडून टाका, किंवा बाजारातले साधे नूडल्स. पुडीचा मसाला वापरू नका, पोरं ऐकतच नसतील तर अर्धी पुडी घाला आणि तेवढं मीठ कमी करा. शेवया सात-आठ मिनिटांत होतात. मटण न खाणाऱ्या घरांनी खिम्याऐवजी भिजवून चुरलेली सोयावडी घ्यावी, किंवा शेवटी चार अंडी फोडून सोडावीत. सोयावडीतलं लोह मटणाइतकं लागत नाही, तिथे लिंबू विसरू नका.

लाल मटण आठवड्यात दोनदा पुरे. शिजलेलं माणशी ३५० ते ५०० ग्रॅमच्या वर आठवड्याला जाऊ नये, आतड्याच्या कॅन्सरचा धोका वाढतो म्हणून जाणकार संस्था तसं सांगतात. पावकिलोत पाच माणसं जेवतात त्या घराला या मर्यादेची भीती नाही, पण लग्नकार्यात बघावं. युरिक ॲसिड वाढलेल्यांनी आणि मूत्रपिंडाचा त्रास असलेल्यांनी डॉक्टरांना विचारूनच खावं, आणि बीपी असणाऱ्याने मीठ आणखी कमी करावं. ज्या ताईचं हिमोग्लोबिन कमी निघालं तिने शेंगोळे खाऊन लोहाची गोळी सोडायची नाही. आशाताई देते ती गोळी चालू ठेवायची. शौचाला काळं होतं म्हणून घाबरू नका, गोळीने तसं होतंच.

उरलंच तर रात्री कढई तशीच चुलीवर ठेवून झोपू नका. गार होताच झाकून फ्रीजमध्ये, फ्रीज नसेल तर शेजारी एक वाटी पाठवून द्या. सकाळी खायचं असेल तर पाणी घालून पूर्ण उकळी आणा, नुसतं कोमट करून नाही. आणि वाढताना एक वाटी आधीच बाजूला काढून झाकून ठेवा, शेवटी बसणारीची.