चाल कुणाची? आनंदघनची!

बचत गटाच्या बैठकीत हिशोब संपला की कुणीतरी गाणं म्हणतंच. परवा एका ताईंनी 'साधी माणसं' मधलं ऐरणीच्या देवाचं गाणं धरलं. आम्ही विचारलं, "हे गायलंय कुणी?" सगळ्या म्हणाल्या, "लताबाईंनी!" "आणि चाल कुणाची?" सगळ्या गप्प. म्हणून आज त्या चालीची गोष्ट.

आधी संगीतकाराचं काम समजून घेऊ. कवी शब्द लिहून देतो. त्याला चाल लावायची, कोणतं वाद्य कुठे वाजेल ते ठरवायचं आणि गायकाकडून गाणं बसवून घ्यायचं, हे संगीतकार करतो. पंगतीत वाढणारी दिसते, चुलीपाशी बसलेली दिसत नाही, तसंच हे.

त्या गाण्याचे संगीतकार होते 'आनंदघन'. आणि आनंदघन म्हणजे खुद्द लता मंगेशकर!

लताबाईंचे वडील मास्टर दीनानाथ 1942 साली गेले. तेव्हा त्या अवघ्या बारा-तेरा वर्षांच्या होत्या. घराचा भार त्यांच्यावर आला. पुढे गायिका म्हणून मोठं नाव झालं. 1950 साली 'राम राम पाव्हणं' या चित्रपटाला त्यांनी आपल्याच नावाने संगीत दिलं. नंतर बरीच वर्षं चाली लावणं थांबलं.

पुढे कोल्हापूरच्या भालजी पेंढारकरांना 'मोहित्यांची मंजुळा' साठी संगीतकार हवा होता. लताबाई म्हणाल्या, मी करते. पण चित्रपट पडला तर एवढ्या मोठ्या गायिकेच्या नावाला बट्टा लागेल, अशी भालजींना काळजी होती. त्यावर टोपणनावाचा तोडगा निघाला. 1963 साली हा चित्रपट आला. मग 'मराठा तितुका मेळवावा' (1964), 'साधी माणसं' (1965) आणि 'तांबडी माती' (1969). चारही चित्रपट भालजींचेच.

'साधी माणसं' ला राज्य पुरस्कार मिळाले, त्यात संगीताचाही होता. सांगतात, समारंभात आनंदघनचं नाव पुकारलं, तरी लताबाई जागेवरच बसून राहिल्या. शेवटी निवेदकानेच सांगून टाकलं की आनंदघन इथेच बसल्यात. तेव्हा कुठे त्या उठल्या.

मैत्रिणींनो, लताबाईंनी नाव झाकलं ते स्वतःच्या मर्जीने. आपलं नाव मात्र पुष्कळदा न विचारताच गळतं. आमच्याच गटात एका ताईंनी वर्षभर मसाला कुटला, पण पाकिटावर नाव छापलं घरच्या पुरुषाचं. कुणी मुद्दाम केलं नव्हतं, कुणाच्या लक्षातच आलं नव्हतं. आम्ही बैठकीत विषय काढला आणि पुढच्या छपाईत त्यांचं नाव आलं. पाकीट हातात घेऊन त्या बराच वेळ काही बोलल्याच नाहीत.

तर पुढच्या बैठकीत आवडीचं गाणं म्हणा आणि चाल कुणाची तेही शोधून या. आणि गटाच्या कामावर नाव कुणाचं पडतंय, तेही एकदा बघा.