गुणोत्तराची गणितं : आधी नातं ओळखा

गुणाकार-भागाकार बिनचूक करणारी मुलंही सहावी-सातवीत गुणोत्तराची शाब्दिक उदाहरणं आली, की अडखळतात. आईवडिलांना वाटतं, पाढे कच्चे आहेत. मग पाढ्यांची उजळणी सुरू होते आणि मूळ दुखणं तसंच राहतं. हळूहळू 'मला गणित येतच नाही' हे मूल मनाशी पक्कं करून टाकतं. वास्तविक अडचण बहुधा आकडेमोडीची नसते. आकड्यांमधलं नातं ओळखण्याची असते.

बेरीज की पट?

अमेरिकेतील रॉबर्ट कार्प्लस आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७० साली प्रसिद्ध केलेल्या पाहणीत मुलांना एक कोडं घातलं होतं. बुटक्या माणसाची उंची ४ बटणं आणि उंच माणसाची ६ बटणं. तोच बुटका माणूस कागदाच्या क्लिपांनी मोजला, तर ६ क्लिपा भरतो. मग उंच माणूस किती क्लिपांचा? अनेक मुलांनी उत्तर दिलं, ८! बटणांत २ चा फरक, म्हणून इथेही २ मिळवले. पण ६ ही ४ ची दीडपट आहे, म्हणून उत्तर ९.

हा फरक स्वयंपाकघरात चटकन समजतो. इडलीसाठी ३ वाट्या तांदळाला १ वाटी उडीद डाळ घेतली, तर ६ वाट्या तांदळाला किती? तांदूळ ३ वाट्यांनी वाढले म्हणून डाळही ३ वाट्यांनी वाढवून ४ वाट्या कुणी घेत नाही. तांदूळ दुप्पट, तर डाळही दुप्पट, म्हणजे २ वाट्या.

दिलेली संख्या कशाची?

'५०० रुपये ३:२ या प्रमाणात वाटा' असं म्हटलं, की एकूण भाग ५. एक भाग १०० रुपयांचा, म्हणून वाटे ३०० आणि २०० रुपयांचे. पण 'एकाला दुसऱ्यापेक्षा ५०० रुपये जास्त मिळाले' असं असेल, तर ५०० हा एकाच भागाचा फरक. वाटे होतील १,५०० आणि १,००० रुपयांचे. आकडे तेच, पण एका वाक्याने उत्तर बदललं.

वाढेल की घटेल?

६ मजूर एक काम १० दिवसांत करतात, तर ४ मजूर किती दिवसांत करतील? लेखणी उचलण्यापूर्वी मुलाला विचारा, 'दिवस वाढतील की कमी होतील?' माणसं कमी, म्हणजे दिवस जास्त. एकूण काम ६ गुणिले १० म्हणजे ६० दिवसांच्या मजुरीचं. ४ ने भागून १५ दिवस.

जुनं त्रैराशिक

आजी-आजोबा यालाच त्रैराशिक म्हणतात. भास्कराचार्यांनी ११५० च्या सुमारास लिहिलेल्या 'लीलावती'त केशराच्या खरेदीचं असं उदाहरण आहे. त्यांची रीत सोपी : एकाच जातीच्या दोन राशी दोन टोकांना आणि वेगळ्या जातीची मध्ये मांडायची, मधलीला शेवटच्या राशीने गुणून पहिलीने भागायचं. एक वाढली की दुसरी घटते, अशा व्यस्त त्रैराशिकात मात्र ही कृती उलट करायची.

तेव्हा मूल अडलं, की लगेच रीत सांगू नका. उदाहरण त्याच्याच शब्दांत सांगायला लावा आणि उत्तराचा अंदाज विचारा. अंदाज बरोबर असेल, तर पुढची आकडेमोड त्याची त्यालाच जमेल.