कुत्र्याचें औषध, मांजराचें विष

महापे हें ठाणें-बेलापूर औद्योगिक पट्ट्यांतलें गांव. तेथील वाचकांस रसायनांचें भय नवें नाहीं. सन २०१७ च्या ऑगस्टांत जवळच्या तळोजा औद्योगिक वसाहतींत भटकीं कुत्रीं निळीं झालेलीं दिसलीं, तेव्हां वर्तमानपत्रांतून मोठा गवगवा झाला व रंगाचा तो कारखाना बंद करविण्यांत आला. तो रंग निदान डोळ्यांस दिसत तरी होता. घरच्याच कपाटांतून जें विष मांजराच्या अंगीं लागतें, त्यास ना रंग, ना गवगवा.

आमचा रोख पर्मेथ्रिन या द्रव्याकडे आहे. शेवंतीच्या कुळांतील एका पांढऱ्या फुलांत कीटक मारण्याचा जो गुण असतो, त्याचीच ही रसायनशाळेंत घडविलेली प्रतिकृति. गोचीड-पिसवांकरितां कुत्र्याच्या मानेवर जीं औषधें थेंब थेंब घालतात, त्यांपैकीं कित्येकांत तें असतें. कुत्र्यास तें सोसतें, मांजरास सोसत नाहीं. असलीं द्रव्यें निर्विष करण्याची जी एक क्रिया इतर प्राण्यांच्या यकृतांत सहज चालते, ती मांजराच्या यकृतांत फार मंद असते. मांजर म्हणजे लहान कुत्रें नव्हे. मात्रा निम्मी केल्यानें भागत नाहीं. शिवाय तें अंग चाटणारें जनावर. दोघें एकाच गोणपाटावर निजत असतील, तर कुत्र्यास औषध घातल्यावर दोन-तीन दिवस त्यांस वेगळें ठेवावें. वेष्टनावरील बारीक इंग्रजी मजकूर घरांतील शाळकरी मुलांकडून मोठ्यानें वाचवून घ्यावा, हें उत्तम.

बाधा झाली म्हणजे कांहीं तासांत कान व चेहऱ्याचे स्नायु फडफडूं लागतात, लाळ गळते, पाय लटपटतात. मग सर्वांगास कंप सुटून आंचके येतात. अशा वेळीं वडील मंडळी दूध-तूप पाजावयास धांवतात. तें करूं नये. पाजलेलें श्वासनलिकेंत शिरतें. ओकारी काढविण्याचा यत्नहि नको. आंचके येत नसतील तर कोमट पाण्यानें व भांडीं घासण्याच्या सौम्य साबणानें अंग धुवावें (कढत पाणी नको, त्यानें विष त्वचेंतून अधिक शोषलें जातें), कोरडें करून ऊब द्यावी, आणि औषधाची बाटली बरोबर घेऊन पशुवैद्य गांठावा. परळचें बाई साकरबाई दिनशा पेटिट पशुरुग्णालय एकोणिसाव्या शतकापासूनचें व नामांकित खरें, पण महापेहून तें लांब. जवळचा पशुवैद्य रात्रीं कोठें भेटतो याची चौकशी आधींच करून ठेवावी. या विषास नेमका उतारा नाहीं. कंप शमविणारीं औषधें देऊन, देह तें बाहेर टाकीपर्यंत, बहुधा एक ते तीन दिवस, रोग्यास सांभाळावें लागतें. वेळेवर उपचार मिळालेलीं बहुतेक मांजरें वांचतात.