लुटीतले काय विकावे, काय ठेवावे?

'एस्केप फ्रॉम टार्कोव्ह' या रशियन संगणक-खेळात मोहिमेवर मेलात, की अंगावरचे जवळजवळ सारे गेलेच! २०१७ पासून चाचणीत असलेला हा खेळ नोव्हेंबर २०२५ मध्ये पूर्ण रूपात आला. जिवंत परतल्यावर खरी पंचाईत कोठाराची. घरे मोजकीच, आणि पुढच्या खेपेच्या बंदुकीला रूबल तर हवेतच. म्हणून नुसती किंमत नको, एका घरामागे किती मिळतात ते पाहावे. ग्राफिक्स कार्ड नवख्याने खुशाल विकावे. त्यावर चालणारी बिटकॉइनची सोय फार पुढे मिळते. पण 'सालेवा' ही प्रथमोपचार पेटी आणि गॅस ॲनालायझर मात्र मोहाला बळी न पडता ठेवा. थेरपिस्टबाई कामगिरीत नेमक्या त्याच मागतात, आणि त्याही स्वतः मोहिमेतून आणलेल्या! बाजारातल्या चालत नाहीत.