कॉम्प्युटरने घेतलं मोबाइलचं सोंग

आमच्या घरात कॉम्प्युटर आहे, हे आम्ही जवळजवळ विसरूनच गेलो होतो. २०११ साली हप्त्याने घेतलेला. त्याच्यावर मी विणलेलं क्रोशाचं कव्हर, शेजारी फुलदाणी. लग्नाआधी मी एमएस-सीआयटी केलं होतं. एमकेसीएलचा हा कोर्स २००१ साली सुरू झाला आणि बघता बघता गावोगाव क्लासच्या पाट्या लागल्या. माझ्यासारख्या कितीतरी जणींनी माउस पहिल्यांदा हातात धरला तो तिथेच. पुढे सर्टिफिकेट फाइलला लागलं, आणि माउसही सुटला तो सुटलाच.

२०२० च्या जूनमध्ये शाळा घरात आली. थोरला दहावीत, धाकटी सातवीत, आणि घरात स्मार्टफोन दोन. ह्यांचा फोन ह्यांच्याबरोबर ड्यूटीवर जायचा. राहिला माझा. तो थोरल्याकडे गेला, दहावीचं वर्ष ना! धाकटीला म्हटलं, "तू दादाचं झालं की बघ." ती काही बोलली नाही. दोन आठवड्यांनी तिच्या बाईंचा फोन आला, "मुलगी वर्गात दिसत नाही, आजारी आहे का?" मी गप्पच झाले. घरात कोणी सासूबाईंनी, सासऱ्यांनी हा निर्णय घेतला नव्हता. मीच घेतला होता, तोही विचार न करता. मुलींना शिकवा म्हणून भिशीत भाषण ठोकणारी मी!

नवा फोन घ्यावा तर ह्यांचा पगार अर्ध्यावर आलेला. वर्गासाठी शाळेने जे ॲप सांगितलं होतं ते फक्त मोबाइलवर चालणारं. सांगलीच्या वन्संना फोनवर सहज सांगितलं, तर मागून त्यांची लेक ओरडली, "मामी, तुमच्याकडे कॉम्प्युटर आहे ना? त्यावर एम्युलेटर टाका की!"

भाची इंजिनीअरिंग शिकत होती. एम्युलेटर म्हणजे काय, हे तिनं मला एका वाक्यात सांगितलं. "मामी, बहुरूपी कसा पोलिसाचं सोंग घेऊन येतो, तसं कॉम्प्युटरने घेतलेलं मोबाइलचं सोंग." सांगलीचीच पोर ती! विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली तिथे 'सीतास्वयंवर' रंगवलं, तेव्हापासून सोंगं सांगलीकरांच्या रक्तातच असावीत. तर, हा एक प्रोग्रॅम असतो. तो कॉम्प्युटरच्या पोटात एक अँड्रॉइडचा फोन उभा करतो. त्यात प्ले स्टोअर असतं, तिथून ॲप घ्यायचं, झालं. ब्लूस्टॅक्ससारखे असे प्रोग्रॅम २०११ पासून आहेत आणि बरेचसे फुकट मिळतात.

झालं म्हणायला काय जातं!

पहिल्याच दिवशी प्रोग्रॅम टाकला आणि तो अर्ध्यात अडकून बसला. स्क्रीनवर इंग्रजीत काहीतरी आलं, मी घाईघाईने बंद केलं. भाची म्हणाली, "मामी, बंद कशाला केलंत? काय लिहिलं होतं?" मला काय माहीत! इंग्रजी चौकट आली की ती घालवायची, एवढंच मला येत होतं. तिनं परत करायला लावलं आणि एकेक अक्षर वाचून घेतलं. शब्द होता 'व्हर्च्युअलायझेशन'. एका मशीनमध्ये दुसरं मशीन चालवायची ही परवानगी. कॉम्प्युटरच्या प्रोसेसरमध्ये ती सोय असते, पण पुष्कळदा कंपनीकडूनच बंद ठेवलेली असते. घरमालकाने वरची खोली बांधून ठेवावी पण कुलूप लावून, तसं. हे कुलूप विंडोजमध्ये नसतं, त्याच्याही आधी असतं, बायोसमध्ये. कॉम्प्युटर चालू होता होता डिलीट किंवा एफ-टू (काही कंपन्यांत एफ-टेन) दाबत राहायचं, मग एक निळी नाहीतर काळी पाटी येते. तिथे 'इंटेल व्हर्च्युअलायझेशन टेक्नॉलॉजी' शोधायचं, 'डिसेबल्ड'चं 'इनेबल्ड' करायचं आणि सेव्ह करून बाहेर. एएमडीचा प्रोसेसर असेल तर तिथे 'एसव्हीएम' लिहिलेलं असतं. बाकी कशाला हात लावायचा नाही, अशी भाचीची सक्त ताकीद!

हात थरथरत होते हो. वीस मिनिटं लागली. पण सोंग उभं राहिलं! कॉम्प्युटरच्या पडद्यावर मोठ्ठा मोबाइल.

आता ॲप. तर प्ले स्टोअर म्हणतं, हे ॲप तुमच्या फोनला चालत नाही. इथे दुसरा धडा मिळाला. बहुतेक फोनचा प्रोसेसर एका जातीचा, त्याला एआरएम म्हणतात. आपल्या कॉम्प्युटरचा दुसऱ्या जातीचा. मध्ये एम्युलेटर दुभाष्याचं काम करतो. पण आतला अँड्रॉइड जुना किंवा ३२ बिटचा असेल, आणि ॲपला नवा किंवा ६४ बिटचा हवा असेल, तर दुभाषा तरी काय करणार? एम्युलेटरमध्ये आतला फोनच बदलायची सोय असते. भाचीने ६४ बिटचा नवा उभा करायला लावला, आणि ॲप दिसायला लागलं.

दिसलं, पण उतरेना. 'डाउनलोड पेंडिंग' म्हणून चाक फिरत राहिलं. कारण? सी ड्राइव्ह गच्च भरलेला. नणंदेच्या लग्नाची सीडी, बारशाचे फोटो, थोरल्याच्या गॅदरिंगचे व्हिडिओ. एम्युलेटरला निदान ५ जीबी मोकळी जागा आणि ४ जीबी रॅम तरी हवी. सगळे फोटो डी ड्राइव्हवर नेऊन टाकले. नेता नेता बघत बसले ते वेगळंच. मग आतल्या फोनच्या सेटिंगमध्ये जाऊन प्ले स्टोअरचा कॅश साफ केला, आणि ॲप उतरलं.

मधल्या वेळात शेजारचा एक मुलगा पेनड्राइव्हवर त्याच ॲपची एपीके फाइल घेऊन आला होता, "काकू, डायरेक्ट टाका." टाकली, तर 'ॲप नॉट इन्स्टॉल्ड'. भाची चिडलीच. एक तर आताची बरीचशी ॲप तुकड्या-तुकड्यांनी येतात, त्यातली एकच फाइल उचलून काही होत नाही. आणि दुसरं, फाइल कुठून आली ते माहीत नसताना ती का उघडायची? तेव्हा मला तिचं बोलणं जरा अतीच वाटलं होतं. पण गेल्या काही वर्षांत व्हॉट्सॲपवर लग्नाची पत्रिका म्हणून नाहीतर गाडीचा दंड म्हणून एपीके पाठवून लोकांची खाती रिकामी केल्याच्या बातम्या आपण वाचल्याच आहेत. पत्रिका कधी एपीके नसते, एवढं लक्षात ठेवलं तरी पुरे.

संध्याकाळी धाकटीने बाईंनी टाकलेला जुना तास पाहिला. मी तिच्यामागे उभी. तिनं वळून पण बघितलं नाही, वहीत भराभर लिहीत होती. रात्री समाधानाने मेन बटण बंद करून झोपले.

आणि सकाळी पुन्हा तेच! सोंग अडकलेलं, तीच चौकट. भाची म्हणाली बायोस बघा. बघते तर 'डिसेबल्ड'. परत चालू केलं, चाललं. दुसऱ्या सकाळी परत बंद! तीन दिवस हा खेळ. सकाळचा पहिला तास रोज बुडायचा. मला तर वाटायला लागलं, आपलंच काहीतरी चुकतंय, आपल्याला हे जमायचं नाही. धाकटी म्हणाली, "राहू दे आई, मी नंतर बघीन दादाच्या फोनवर." तिचं ते 'राहू दे' मला फार लागलं. तिला सवयच झाली होती हो.

चौथ्या दिवशी भाचीने विचारलं, "मामी, खाली उजव्या कोपऱ्यात तारीख किती दिसते?"

"१ जानेवारी २०११."

पलीकडे एकदम शांतता. मग, "आणि चालू करताना काही मेसेज येतो?"

येतो की! रोज येतो. काळ्या पडद्यावर दोन ओळी, खाली 'एफ-वन दाबा'. मी एफ-वन दाबते आणि पुढे जाते. किती वर्षं दाबतेय कोण जाणे. तारीखही मी जमेल तेव्हा हाताने बदलायचे, चुकीची असली की वेबसाइटच उघडत नसत म्हणून. पण हे सांगायचं असतं असं कधी वाटलंच नाही!

त्या ओळींत लिहिलेलं होतं की बॅटरी संपली आहे. कॉम्प्युटरच्या आत, मदरबोर्डवर, रुपयाच्या नाण्याएवढा एक सेल असतो. वीज नसताना घड्याळ आणि बायोसच्या सेटिंग त्याच्या जिवावर राहतात. आमच्यासारख्या जुन्या मशीनचा हा सेल मेला, आणि रात्री मेन बटण बंद केलं (पावसाळ्यात विजा कडाडतात म्हणून ही माझी सवय), की सकाळी सगळं विसरून कॉम्प्युटर कोरा. त्यात तारीख चुकली की प्ले स्टोअरही नीट जोडलं जात नाही, कारण सुरक्षित जोडणी करताना तारीख तपासली जाते. म्हणजे एकाच सेलने दोन्हीकडून घोळ घातला होता.

सेलचा नंबर २०३२. दुकानं कधी उघडी, कधी बंद. पोवई नाक्यापर्यंत जाऊन हात हलवत परत आले. मग आठवलं, आपल्या वजनकाट्यात असाच चपटा सेल आहे. काढून बघितला, नंबर तोच! प्लग काढून, स्क्रू फिरवून, व्हिडिओ कॉलवर भाची "हळू, मामी, हळू" म्हणत असताना मी तो बसवला. पाटी लिहिलेली बाजू वर. त्यानंतर बायोस एकदाच सेट केलं आणि परत कधी बघावं लागलं नाही.

वर्ग चालू झाला. पंखा गिरणीसारखा घरघरायचा, इतर सगळं बंद ठेवलं तरच तास अडखळत नसे. कॅमेरा नव्हता, त्यामुळे बाईंना तिचा फक्त आवाज यायचा. पण हजेरीत नाव लागलं.

मैत्रिणींनो, आता कोणी मला विचारलं तर मी आधी विचारते, त्या ॲपची वेबसाइट आहे का? व्हॉट्सॲप, गूगल मीट, दीक्षा हे सगळं ब्राउझरमध्ये चालतं, त्यासाठी एवढी खटपट नको. २०२४ च्या जुलैत लाडक्या बहिणीचे अर्ज 'नारीशक्ती दूत' ॲपवर भरायचे होते, तेव्हा गल्लीतल्या दोघी-तिघी माझ्याकडे आल्या होत्या. पुढे वेबसाइटच आली. बँकेचं आणि यूपीआयचं ॲप मात्र एम्युलेटरमध्ये टाकायला जाऊ नका. त्यांना सिमकार्ड तपासायचं असतं, आणि सोंग ओळखून पुष्कळ ॲप दारातूनच परत पाठवतात. तेच बरं आहे. विंडोज ११ मध्ये मायक्रोसॉफ्टनेच अँड्रॉइडची ॲप चालवायची सोय दिली होती, तीही ५ मार्च २०२५ ला बंद झाली. जुन्या लेखांत वाचून ती शोधत बसू नका.

२ सप्टेंबर २०२० पासून जिल्ह्याबाहेर जायला ई-पास लागेनासा झाला, आणि महिन्याभराने भाची साताऱ्याला आली. आल्या आल्या कॉम्प्युटरचं झाकण काढून सेल नीट बसलाय का ते बघितलं. मी तिला कंदी पेढे दिले. ती खात खात धाकटीला बायोस दाखवत होती, आणि धाकटी तिला सांगत होती, "ताई, हे मला येतं."

आमच्या वजनकाट्यात अजून सेल घातलेला नाही. विसरले, असं मी सगळ्यांना सांगते.