भाग २७: घराचा आवाज

बऱ्याच जणांचा मेसेज होता, "एक्स्परिमेंटल शॉर्ट फिल्म बघायची कशी? स्टोरीच कळत नाही." आज एकच फिल्म घेऊ.

'अँड व्हॉट इज द समर सेइंग', २०१८. दिग्दर्शक पायल कपाडिया. हो, तीच, जिला २०२४ मध्ये कान महोत्सवात 'ऑल वी इमॅजिन ॲज लाइट'साठी ग्रां प्री मिळालं. ही फिल्म जेमतेम २३ मिनिटांची. भाषा मराठी, गाव भीमाशंकरजवळचं कोंढवळ. जंगलावर जगायला वडिलांकडून शिकलेला नामदेव मधासाठी झाडांचे शेंडे न्याहाळतो. गावातल्या बायका हरवलेल्या प्रेमाबद्दल कुजबुजतात. पण त्या दिसत नाहीत, फक्त ऐकू येतात.

इथेच सगळी मेख आहे. एडिटिंगच्या ॲपमध्ये व्हिडिओ आणि ऑडिओ असे दोन वेगळे ट्रॅक असतात ना? नेहमीच्या सिनेमात ते एकमेकांना बांधलेले. इथे ती गाठ सोडलीय. बोलणारी दिसत नाही, मग त्या आवाजामागे आपण आपलंच कुणीतरी उभं करतो. आठवण तरी कशी येते? आजीची हाक आठवते. ती तेव्हा कुठे उभी होती, ते नाही.

शांताल आकरमननं 'न्यूज फ्रॉम होम'साठी १९७६ साली न्यूयॉर्कचे रस्ते शूट केले. चित्र न्यूयॉर्कचं, आवाज तिचा, वाचतेय ब्रुसेल्सहून आलेली आईची पत्रं. (ही शॉर्ट नाही, पूर्ण लांबीची आहे.) मधेच ट्रॅफिकच्या आवाजात पत्र बुडून जातं. घरापासून लांब राहणाऱ्याला हे वेगळं समजवायला नको.

आता माझी गोष्ट. आमचं गावचं घर दोन वर्षांपूर्वी विकलं. शेवटच्या दिवशी मी तीनशे फोटो काढले, रेकॉर्डिंग एकही नाही. मागच्या महिन्यात चहा पिताना बाबा म्हणाले, "मागच्या दाराची कडी कशी वाजायची रे?" मी फोन चाळत बसलो. कडीचे चार फोटो सापडले. इंजिनिअर माणूस, बॅकअप तीन ठिकाणी, आणि नेमकं हेच राहिलं.

म्हणून परवा आमच्या खारघरच्या घरात पाच मिनिटं नुसता ऑडिओ घेतला. कुकर, लिफ्टचं दार, केंद्रीय विहारकडून जाणारी मेट्रो. बाबांना ऐकवला. म्हणाले, "कुकर आपला. बाकीचं अजून ओळखीचं नाही."

फाइल ठेवलीय. चला, शुक्रवारी भेटू.