पुण्याची लैला, सिडनीची लिसा

आमच्या वाशीम जिल्ह्यात 'बाहेर जाणे' म्हणजे बहुधा पुण्या-मुंबईला जाणे. सोयाबीन घरात आले की काही जण कामाच्या शोधात निघतात, शिकलेली मुले नोकरीसाठी जातात. जाणाऱ्याला निदान आपण कुठे चाललो आहोत हे ठाऊक असते. पण मला पुष्कळ दिवस विचारात पाडले आहे ते पुण्याहूनच निघालेल्या एका तान्ह्या मुलीच्या स्थलांतराने.

ही मुलगी म्हणजे ऑस्ट्रेलियाची क्रिकेटपटू लिसा स्थळेकर. जन्म पुण्यातला, १३ ऑगस्ट १९७९ चा. जन्मदात्यांना तिला सांभाळणे जमले नाही आणि ती ससून रुग्णालयाशी निगडित असलेल्या 'श्रीवत्स' या अनाथालयात आली. तिथे तिचे नाव लैला. मूळचे मुंबईचे हरेन स्थळेकर आणि त्यांची इंग्रज पत्नी सू दत्तक घेण्यासाठी भारतात आले होते. एक मुलगी त्यांनी आधीच दत्तक घेतली होती. आता त्यांना मुलगा हवा होता. तो काही मिळाला नाही. त्यांच्या पुढ्यात आली ती तीन आठवड्यांची, टपोऱ्या डोळ्यांची लैला. तिला घेऊन ते गेले. अमेरिका, मग केनिया आणि शेवटी सिडनी असा या कुटुंबाचा प्रवास झाला.

मुलगा हवा असताना मुलगी मिळाली, हे वाक्य आपल्याकडे उसासा टाकून उच्चारले जाते. २०११ च्या जनगणनेत महाराष्ट्रात सहा वर्षांखालच्या दर हजार मुलांमागे ८९४ मुली होत्या आणि आमचा वाशीम जिल्हा या सरासरीच्याही खाली होता. म्हणूनच पुढची गोष्ट मला महत्त्वाची वाटते. हरेनरावांनी मुलासाठी राखून ठेवलेली हौस मुलीला दिली. त्यांनी सिडनीतल्या घराच्या अंगणात तिच्या हातात बॅट ठेवली. पुढे ती मुलांच्या क्लबात, मुलांच्या बरोबरीने खेळू लागली.

२००१ मध्ये ती ऑस्ट्रेलियाच्या संघात आली. उजव्या हाताने फलंदाजी आणि नेमकी ऑफ स्पिन. पुढच्याच वर्षी आई कर्करोगाने गेली. खेळ मात्र थांबला नाही. ८ कसोटी, १२५ एकदिवसीय सामने. एकदिवसीय क्रिकेटमध्ये २७२८ धावा आणि १४६ बळी. हजार धावा आणि शंभर बळी असा दुहेरी पल्ला गाठणारी ती जगातली पहिली महिला. २००५ चा विश्वचषक ऑस्ट्रेलियाने सेंच्युरियनला जिंकला, तो भारताला हरवून. त्या अंतिम सामन्यात लिसाच्या ५५ धावा होत्या. फेब्रुवारी २०१३ मध्ये ऑस्ट्रेलियाने पुन्हा विश्वचषक जिंकला, तो मुंबईच्या ब्रेबॉर्न स्टेडियमवर. वडिलांच्या गावी विजय मिळवून तिने निवृत्ती पत्करली. २०२० मध्ये आयसीसीच्या 'हॉल ऑफ फेम'मध्ये तिचा समावेश झाला आणि २०२२ मध्ये खेळाडूंच्या जागतिक संघटनेची ती पहिली महिला अध्यक्ष झाली.

ऑस्ट्रेलियाला अशी माणसे नवी नाहीत. तिथल्या लंबगोल चेंडूच्या फुटबॉलमध्ये डब्लिनहून आलेल्या जिम स्टाइन्सने १९९१ मध्ये सर्वोत्तम खेळाडूचे 'ब्राउनलो' पदक मिळवले. सुदानमध्ये जन्मलेला माजक डॉ २०१३ मध्ये त्याच खेळात वरच्या दर्जाचा सामना खेळला. परक्याला आपले म्हणण्याचा एक सोपा मार्ग त्या समाजाने मैदानावर शोधला, असे म्हणायला हरकत नाही. पण तो देश म्हणजे स्वर्ग असे समजू नका. लिसाच्या उमेदीच्या काळात तिथेही महिलांच्या क्रिकेटमध्ये पोट भरण्यासारखा पैसा नव्हता.

अशी कोणी चमकली की 'आपली पोर' म्हणून आपण पेढे वाटायला धावतो. खरे सांगायचे तर त्यात आपला वाटा किती? ती इथेच राहिली असती तर? आपल्याकडचे महिला क्रिकेट बीसीसीआयच्या छत्राखाली आले ते २००६ मध्ये. तोवर लिसाला ऑस्ट्रेलियाकडून खेळू लागून पाच वर्षे झाली होती. आपला वाटा आहे तो 'श्रीवत्स'मधल्या ज्या हातांनी तिला पहिले तीन आठवडे दूध पाजले, त्यांचा. तो मोठा आहे, आणि तो कुठल्याच धावफलकावर दिसत नाही. २०१२ मध्ये लिसा त्या संस्थेत जाऊन आली, ते मला तिच्या चषकांइतकेच मोलाचे वाटते.

आता दिवस पालटले आहेत. २ नोव्हेंबर २०२५ रोजी नवी मुंबईत भारताच्या मुलींनी विश्वचषक जिंकला, तेव्हा आमच्या वाशीममध्येही फटाके वाजले. पण फटाके वाजवणे सोपे असते. संध्याकाळी मुलगा बॅट घेऊन निघतो तेव्हा त्याच घरातली मुलगी पाण्याचा हंडा भरत असते, की तिलाही कोणी 'चल' म्हणते? लिसाला असे म्हणणारा एक बाप भेटला. तो भेटण्यासाठी एखाद्या मुलीला सिडनीपर्यंत जावे लागू नये, एवढेच माझे मागणे आहे.